रिचर्डची दया येते तेव्हा

शेक्सपिअरच्या ‘रिचर्ड द सेकंड’मध्ये एक राजा भर सभेत स्वतःच्या हातानं मुकुट उतरवून देतो आणि मग आरसा मागवतो. बघतो तर चेहरा तोच! राज्य गेलं तरी एक सुरकुती वाढलेली नाही. चिडून तो आरसा आपटून फोडतो. वाचताना आपण नकळत त्याच्या बाजूचे होऊन जातो.

या नाटकाची ख्याती मात्र राजांना धोकादायक अशी आहे. राणी एलिझाबेथच्या हयातीत त्याच्या तीन आवृत्त्या निघाल्या, पण पदत्यागाचा हा प्रसंग एकीतही नाही. तो छापून आला थेट १६०८मध्ये, राणी जाऊन पाच वर्षं झाल्यावर. ७ फेब्रुवारी १६०१ रोजी अर्ल ऑफ एसेक्सच्या माणसांनी नटांना ४० शिलिंग जादा देऊन रिचर्डच्या पाडावाचं नाटक करायला लावलं. ते हेच, असं सहसा मानलं जातं. दुसऱ्या दिवशी एसेक्सचं बंड झालं, ते फसलं आणि त्याच महिन्यात त्याचा शिरच्छेद झाला.

तरी मला हे नाटक राजावर मेहेरबान वाटतं. रिचर्ड गादीवर आला १३७७मध्ये, दहा वर्षांचा असताना. नाटक उघडतं ते १३९८मध्ये. मधली वीस वर्षं गाळली, त्यातच १३८१चा शेतकऱ्यांचा उठाव गेला. डोईपट्टीनं पिचलेले लोक लंडनवर चालून आले. चौदा वर्षांचा रिचर्ड त्यांना सामोरा गेला, वेठबिगारीतून मुक्ती देण्याचं त्यानं कबूल केलं, तशा सनदाही लिहून दिल्या. दुसऱ्या दिवशी, त्याच्या डोळ्यांदेखत, त्यांचा पुढारी वॉट टायलर मारला गेला. जुलै उजाडताच सनदा रद्द!

नाटककारानं सगळा इतिहास सांगावा, असा हट्ट नाही. रिचर्डचे गुन्हे शेक्सपिअर लपवतही नाही. काकाच्या खुनाचं सावट, चुलतभावाची हडपलेली जहागीर, सगळं आहे. पण भर आहे तो सरदारांवरच्या अन्यायावर. त्यामुळे भांडण भाऊबंदकीचं होतं आणि रयत प्रेक्षागृहातच राहते. साधी माणसं रंगमंचावर येतात, पण त्यातला माळी राज्याची तुलना बागेशी करतो आणि राणीसाठी हळहळतो. मोतद्दार तुरुंगात येऊन राजाच्या लाडक्या घोड्याबद्दल बोलतो. त्यांचं स्वतःचं दुःख काय, हे कुणी विचारत नाही.

म्हणून आधी नाटक वाचा आणि मग १३८१बद्दल वाचा. याच क्रमानं. रिचर्डबद्दलची दया आटत नाही, निदान माझी तरी आटली नाही. पण दिलेला शब्द मोडला गेल्यावर गावी परतलेल्या त्या माणसांसाठी आपण कधी हळहळलो होतो, हा प्रश्न मागे उरतो.