दशावतार: मांडवातला आणि मोबाइलवरचा

गोव्यातल्या शिरगावच्या लईराई देवीची जत्रा वैशाख शुद्ध पंचमीला भरते. धोंड, म्हणजे देवीचे व्रतस्थ भक्त, आधी काही दिवस व्रत पाळतात, तळीत न्हातात, वेत घेऊन नाचतात आणि पहाटे होमकुंडातल्या निखाऱ्यांवरून जातात. मोबाइलवर पोचतात ते फक्त निखारे. व्रताचे दिवस कोण बघणार? देवीचं त्याने काही अडत नाही. पण डिचोली-पेडण्यातल्या धयकाल्याचं, म्हणजे दशावताराचं, या काटछाटीने फार अडतं.

दशावतारी नाटकाला परंपरेने लिखित संहिता नाही. प्रयोगाआधी कथा ठरते, पार्ट वाटले जातात, बाकीचं रंगमंचावर सुचेल तसं. आडदशावतारातला, म्हणजे पूर्वरंगातला, संकासूर मालवणीत गावच्याच पुढाऱ्याला चिमटा काढतो. पुढे आख्यानात राजपार्टी आणि स्त्रीपार्टी समोरासमोर आले की शब्दाला शब्द लागतो. पेटी आणि पखवाज त्यांच्या मागोमाग जातात. ही चकमक मध्यरात्रीनंतर खरी रंगते, आणि तिला वेळ लागतो.

यूट्यूब-फेसबुकचा अल्गोरिदम प्रेक्षक कुठे थांबतो याकडे बारकाईने पाहतो आणि त्याच जातीचं आणखी पुढे सरकवतो. त्यामुळे युद्धनृत्य, संकासुराचा एखादा विनोद, धूर-आगीचा ट्रिकसीन हेच तुकडे फिरत राहतात. सगळा दोष मोबाइलच्या माथी मारणं मात्र अन्यायाचं होईल. ट्रिकसीनची हौस रील्सच्या आधीची, आणि ती आपलीच.

मला जास्त काळजी वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. नवा नट आता जुन्या नटांचे व्हिडिओ पाहून शिकतो. शिकायला सोय झाली, पण गाजलेला संवाद जसाच्या तसा उतरू लागला. जे सुचायचं ते पाठ होऊ लागलं. शिवाय आपल्या वाड्यापुरता केलेला चिमटा उद्या कुठेही पोचेल, या धास्तीने संकासूरही जपून बोलणार. सपक संकासूर काय कामाचा?

लाभ नाही असं नाही. मुंबईचा चाकरमानी अख्खा प्रयोग घरी बसून पाहतो, तालुक्याबाहेर नाव न गेलेल्या कलावंताला आमंत्रणं येऊ शकतात. २०२५ साली सुबोध खानोलकरांचा ‘दशावतार’ हा चित्रपट आला. दिलीप प्रभावळकरांचा त्यातला म्हातारा दशावतारी खाणीच्या संकटासमोर उभा राहतो. खनिजाच्या खाणींनी वेढलेल्या शिरगावाला हे वेगळं समजावून सांगायला नको. पण चित्रपट पाहून दशावतार पाहिल्याचं समाधान मानणारेही भेटतात, तेव्हा चीड येते.

देवस्थान समित्यांना एकच विनंती. मंडळ ठरवताना त्याचे व्ह्यूज मोजू नका. पूर्ण रात्रीचा काला मागा, आणि चित्रीकरण करायचंच तर आडदशावतारापासून दहीहंडी फुटेपर्यंत सलग करा, पेटी-पखवाजवाल्यांच्या नावांसकट.