‘निरोध’ आणि ‘परिरोध’ : नोकराच्या चौकशीचा एक विचार

ब्रह्मदेशाचा पदच्युत राजा थिबा १८८६ पासून १९१६ मधील मृत्यूपर्यंत रत्नागिरीत राहिला. त्याच्या पायांत बेड्या नव्हत्या, अखेरची वर्षे तर त्याने राजवाड्यात काढली. तरीही तो कैदीच होता, याविषयी कोणास शंका नाही. बंदिवासाचे मर्म भिंतींत नसून निघून जाण्याच्या अशक्यतेत असते, हे या गावास निराळे सांगावयास नको. परंतु चोरीच्या संशयावरून मालकाच्या कचेरीत बसवून ठेवलेल्या कामगाराचा प्रश्न निघाला, की हे मर्म कायद्याच्या भाषेत कितपत उतरले आहे, याची परीक्षा होते.

१८६० च्या भारतीय दंडसंहितेच्या मराठी पाठात कलम ३३९ साठी ‘गैरनिरोध’ आणि कलम ३४० साठी ‘गैरपरिरोध’ अशा संज्ञा योजिल्या आहेत. दोहोंतील भेद ‘परि’ या एका उपसर्गाने नेमका दाखविला आहे : एक वाट अडविणे हा निरोध, सर्व बाजूंनी कोंडणे हा परिरोध. पुलावर पुढची वाट अडविली पण परतण्याची मोकळीक ठेवली, तर ती कैद नव्हे, असे इंग्लंडमध्ये १८४५ साली बर्ड विरुद्ध जोन्स या खटल्यात ठरले होते. संज्ञा अन्वर्थक आहेत. उणीव आहे ती दृष्टान्तांत. एकात कुलूप आहे, दुसऱ्यात बंदूकधारी पहारेकरी. चौकशीच्या खोलीत बहुधा दोन्ही नसतात; ‘आता उठलास तर नोकरी गेली’ एवढेच वाक्य असते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ मध्ये दंडाची मर्यादा एक हजारावरून पाच हजार रुपये झाली. दृष्टान्त मात्र तेच राहिले.

या उणिवेवर प्रकाश टाकणारा निर्णय म्हणजे मीरिंग विरुद्ध ग्रॅहम-व्हाइट एव्हिएशन कंपनी (१९१९). व्हार्निशच्या चोरीचा संशय असलेल्या नोकरास कचेरीत आणले गेले, तो थांबला, कारखान्याचे पहारेकरी जवळच उभे आहेत, हे त्यास ठाऊक नव्हते. तरीही ती कैद ठरली. एका न्यायमूर्तींचे मत विरुद्ध पडले. परंतु कैदेची जाणीव आवश्यक नाही, हे तत्त्व १९८८ साली हाउस ऑफ लॉर्ड्‌सने मान्य केले. तथापि या निर्णयाचा आवाका वाढवून सांगणे योग्य नव्हे. तेथे पहारा होता. कामाच्या वेळेत मालकाने प्रश्न विचारणे हा परिरोध नव्हे, आणि केवळ नोकरीच्या धास्तीने बसून राहिलेला मनुष्य कोंडला गेला असे या निर्णयावरून म्हणता येत नाही. पाळी संपल्यावर किंवा त्याने जाऊ देण्याची मागणी केल्यावर दाराशी मनुष्य उभा राहिला, तर मात्र प्रश्न पालटतो.

कामगारांनी व्यवस्थापकांस घेरले, तेव्हा त्या ‘घेराव’ातील परिरोध कलकत्ता उच्च न्यायालयाने १९६७ साली जय इंजिनिअरिंग प्रकरणात ओळखला. तेथे माणसांचे कडे डोळ्यांना दिसत होते. कचेरीतील एकट्या कामगाराभोवतीचे कडे तसे दिसत नाही, त्यास साक्षीदारही क्वचितच मिळतो. शिवाय १९६३ च्या मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद ७३ प्रमाणे नुकसानभरपाईचा दावा कैद संपल्यापासून एका वर्षात आणावा लागतो. ज्याची खातेनिहाय चौकशी त्याच मालकापुढे चालू आहे, तो त्या वर्षात दावा कसा लावील? ‘परि’ या उपसर्गाचा पूर्ण अर्थ कायद्याने घ्यावयाचा असेल, तर कुलूप आणि बंदूक यांच्या जोडीला दाराशी निःशस्त्र उभ्या असलेल्या मनुष्याचाही एक दृष्टान्त हवा.