सेलमची राय आणि दक्षिण साताऱ्याची बाजरी

अरगट या बुरशीवरचे लोकप्रिय लेख बहुधा एकाच वाटेने जातात. सुरुवात मध्ययुगीन युरोपातील ‘सेंट अँथनीच्या आगी’ने होते. रायचा पाव खाऊन हातापायांची बोटे काळी पडलेले, अवयव झडलेले रोगी आपल्यासमोर येतात. मग अमेरिकेतील सेलम गावचा १६९२ मधला चेटकिणींचा खटला, त्यानंतर एल.एस.डी. आणि शेवटी अंधश्रद्धेमागचे विज्ञान उलगडल्याचे समाधान. गोष्ट रंगतदार आहे, वर्गात हमखास रंगते. पण ती जशी सांगितली जाते तशी टिकत नाही. शिवाय आटपाडी, माण, जत, कवठेमहांकाळ अशा बाजरीच्या मुलखात ती सांगितली तर मुलांना नेमकी चुकीची माहिती मिळते.

या गोष्टीचा आधुनिक उगम दोन ठिकाणी आहे. लिंडा कॅपोरेल या मानसशास्त्राच्या विद्यार्थिनीने एप्रिल १९७६ मध्ये ‘सायन्स’ साप्ताहिकात एक निबंध लिहिला. सेलममधील ज्या मुलींना झटके येत, अंगावर मुंग्या येत, नको ते दिसे, त्यांच्या पोटात अरगट लागलेली राय गेली असावी, असा तिचा तर्क होता. त्या खटल्यात १९ जणांना फाशी झाली होती आणि एकाला दगडांखाली चिरडून मारण्यात आले होते. त्यामुळे या तर्काला प्रसिद्धी मिळाली यात नवल नाही. पुढे मेरी मॅटोसियन या इतिहासकार बाईंनी १९८९ मध्ये ‘पॉयझन्स ऑफ द पास्ट’ हे पुस्तक लिहून हाच धागा फार लांबवर नेला. युरोपातील चेटकिणींचे छळ, लोकसंख्येतील चढउतार, १७८९ मधली फ्रेंच खेड्यांतील घबराट, अमेरिकेतील अठराव्या शतकातील धर्मजागृतीची लाट, या सगळ्यामागे त्यांना धान्यावरची बुरशी दिसते.

मॅटोसियन यांचे एक श्रेय मान्य केलेच पाहिजे. सामान्य माणूस त्या वर्षी काय खात होता, ते धान्य कोणत्या हवेत पिकले होते, हा प्रश्न इतिहासाला विचारणारे थोडे असतात. आपल्याकडे दुष्काळाचा इतिहास लिहिणारे धान्य किती होते हे मोजतात, कसे होते हे क्वचितच विचारतात. प्रश्न उत्तम आहे, माझा आक्षेप उत्तराच्या पद्धतीला आहे. झटके आले तर अरगट, भ्रम झाला तर अरगट, गर्भपात वाढले तर अरगट, जन्मदर घटला तरी अरगट. थंड, ओलसर वर्ष आणि रायचे पीक एवढे जुळले की पुरे. कोणते लक्षण दिसले असते तर ‘येथे अरगट नव्हता’ असे म्हणता आले असते, हे पुस्तकात कुठे स्पष्ट होत नाही. जे कशानेच खोटे ठरू शकत नाही ते गृहीतक विज्ञानाच्या उपयोगाचे नसते, हे आपणच नववी-दहावीच्या मुलांना शिकवतो.

मुळात अरगट हे एका विषाचे नाव नाही. क्लॅव्हिसेप्स या वंशातील बुरश्या गवतवर्गीय वनस्पतींच्या फुलात शिरतात आणि दाण्याच्या जागी आपली कठीण, काळपट गाठ तयार करतात. या गाठीला अरगट म्हणतात. रायवरची जाती क्लॅव्हिसेप्स परप्युरिया, तर बाजरीवरची क्लॅव्हिसेप्स फ्युसिफॉर्मिस. दोघींच्या अल्कलॉइडांचा सांगाडा एकच, चार कड्यांचा. फरक आहे तो सांगाड्याच्या आठव्या कार्बनवर काय लटकले आहे यात. रायच्या अरगटात तेथे लायसर्जिक आम्लाचा गट असतो आणि त्याला अमिनो आम्लांची मोठी शेपटी जोडलेली असते. अर्गोटॅमीन हे त्याचे उदाहरण. हे रेणू रक्तवाहिन्यांच्या भिंतीतील स्नायू आवळून धरतात. बोटांकडचा रक्तपुरवठा दिवसेंदिवस तुटतो आणि बोट काळे पडते. शेपटी लहान असलेले अर्गोमेट्रीन गर्भाशय आकुंचित करते. त्याचेच सुधारित रूप, मेथिलअर्गोमेट्रीन, बाळंतपणानंतरचा रक्तस्राव थांबवण्यासाठी वापरले जाते. एल.एस.डी. मात्र अरगटात आयते नसते. आल्बर्ट हॉफमन यांनी ते १९३८ मध्ये लायसर्जिक आम्लापासून प्रयोगशाळेत बनवले. ‘अरगट लागलेला पाव खाल्ला म्हणजे एल.एस.डी. घेतले’ हे वाक्य लेखांत इतक्यांदा येते की ते एकदा स्पष्टपणे खोडून काढणे बरे.

बाजरीच्या अरगटात ही शेपटी नसते. तेथे आठव्या कार्बनवर नुसता मिथाइल गट किंवा त्याला जोडलेला एखादा ऑक्सिजन असतो. अ‍ॅग्रोक्लॅव्हीन, एलिमोक्लॅव्हीन ही या ‘क्लॅव्हीन’ गटातील नावे. रेणूत फरक एवढासा, पण शरीरावरचा परिणाम सर्वस्वी वेगळा.

तो किती वेगळा हे कळण्यासाठी सेलमला जायची गरज नाही. भिडे आणि हेगडे यांनी १९५७ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये मुंबई राज्यातील बाजरीवरच्या अरगटाची नोंद केली. वनस्पतिरोगशास्त्राच्या पुस्तकांत भारतातील या रोगाची पहिली मोठी साथ म्हणून ज्या जिल्ह्याचे नाव येते तो दक्षिण सातारा, म्हणजे १९६० पासूनचा सांगली. औंध संस्थान विलीन झाल्यावर आटपाडी याच जिल्ह्यात आली. पाठोपाठ १९५८ मध्ये पटेल, बोमन आणि दलाल यांनी वैद्यकीय नियतकालिकात मुंबई राज्याच्या दक्षिण भागातील विषबाधेची हकिकत प्रसिद्ध केली. लोकांनी अरगट लागलेली बाजरी खाल्ली होती. त्यांना मळमळले, उलट्या झाल्या, गरगरले आणि गाढ गुंगी आली. पुढे १९७५ मध्ये राजस्थानात अशीच विषबाधा झाली. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या कृष्णम्माचारी आणि भट यांनी तिचा अभ्यास केला, तेव्हाही चित्र हेच होते. मळमळ, उलटी, चक्कर, लांबलेली झोप. बोटे काळी पडली नाहीत आणि हातपाय झडले नाहीत. रोगी बरे झाले.

आता वर सांगितलेली युरोपीय गोष्ट ऐकून मोठ्या झालेल्या विद्यार्थ्याचा विचार करा. पुढे तो डॉक्टर झाला. एका घरातील चौघेजण भाकरी खाल्ल्यावर उलट्या करत, पेंगत दवाखान्यात आले. अरगट म्हटले की त्याच्या डोळ्यांसमोर काळे बोट येते. ते येथे नाही, म्हणून अरगट नाही, असे तो ठरवील. बाजरीचा डबा उघडून पाहायला कोणी जाणार नाही आणि उरलेले धान्य दुसऱ्या दिवशी पुन्हा दळायला जाईल. चुकीच्या देशाची गोष्ट शिकवण्याचा तोटा हा असा असतो.

क्लॅव्हीनचा आणखी एक परिणाम पुस्तकांतून जवळजवळ गायब आहे. ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झिंबाब्वेत, १९५९ मध्ये पशुवैद्यांनी नोंदवले की बाजरीचा अरगट खाल्लेल्या डुकरिणी व्यायल्या, पण त्यांना दूध उतरले नाही आणि पिले उपाशी मेली. दूध उतरण्यासाठी प्रोलॅक्टिन हे संप्रेरक लागते आणि अ‍ॅग्रोक्लॅव्हीन ते दाबून टाकते, हे नंतर स्पष्ट झाले. रक्त नाही, वेदना नाही, काळे बोट नाही, फक्त दूध नाही. आपल्याकडे खराब निघालेले धान्य ‘जनावरांना घाला’ म्हणून सहज गोठ्यात जाते, म्हणून ही नोंद मला सेलमच्या कथेपेक्षा अधिक महत्त्वाची वाटते.

येथे एक खबरदारी घ्यायला हवी. बाजरीच्या पुराव्याने सेलमचा निकाल लागत नाही, कारण बुरशी वेगळी, विष वेगळे. सेलमचा निकाल सेलमच्याच पुराव्यावर लावायचा. तो स्पॅनोस आणि गॉटलीब या मानसशास्त्रज्ञांनी त्याच वर्षी, डिसेंबर १९७६ मध्ये, ‘सायन्स’मध्येच लावला होता. झटक्यांचा अरगटरोग जीवनसत्त्व ‘अ’ची वाण असलेल्या समाजात दिसतो. सेलमजवळ समुद्र होता, मासे होते, दूधदुभते होते. एकाच भांड्यातले खाणाऱ्या घरात सगळेच आजारी पडायला हवेत, आणि लहान मुले सर्वांत आधी, पण बाधा झाली ती निवडक मुलींना. शिवाय त्यांचे झटके न्यायालयात आरोपी समोर येताच सुरू होत आणि योग्य वेळी थांबत. विषाला न्यायाधीश ओळखता येत नाही. हा प्रतिवाद कॅपोरेलच्या निबंधानंतर आठ महिन्यांत छापला गेला, तरी लोकप्रिय लेखांत आजही पहिलाच निबंध फिरतो. आपल्याकडे भानामतीचा खुलासा धान्यातल्या बुरशीने करण्याचा मोह काहींना होतो, त्यांनी हे दोन निबंध शेजारी ठेवून वाचावेत. दैवी कारणाच्या जागी रासायनिक कारण ठेवले म्हणून ते आपोआप वैज्ञानिक होत नाही. रोगी कोण, किती, काय खाल्ले, इतरांनी तेच खाल्ले का, हे तपासावेच लागते.

उलट दिशेचा एक समजही तपासण्याजोगा आहे. ‘संकरित बियाणे आले आणि अरगट आला’ असे जुने शेतकरी म्हणतात. पहिला संकरित वाण एचबी-१ हा १९६५ चा आणि दक्षिण साताऱ्यातील साथ त्याच्या आधीची, तेव्हा हे विधान जसेच्या तसे खरे नाही. पण त्यात तथ्यही आहे आणि ते सुंदर आहे. बाजरीच्या कणसात स्त्रीकेसर आधी बाहेर येतात, पुंकेसर दोन-तीन दिवसांनी. या मधल्या काळात बुरशीचे बीजाणू परागकणांच्याच वाटेने आत उतरू शकतात. परागकण आधी पोचला तर काही तासांत स्त्रीकेसर एका जागी आवळला जातो, सुकतो आणि वाट बंद होते. म्हणजे फुलाच्या उंबऱ्यावर परागकण आणि बुरशी यांची शर्यत असते. जुन्या गावरान बाजरीत एकाच शेतात काही कणसे पुढे, काही मागे फुलत, त्यामुळे हवेत पराग सतत असे. एकसारख्या संकरित पिकात सगळी कणसे एकदमच पराग नसलेल्या अवस्थेत येतात आणि बुरशीला मोकळे दार मिळते. त्यात फुलोऱ्याच्या वेळी झड लागली तर पराग भिजतो, उडत नाही आणि शर्यत बुरशी जिंकते. हैदराबादजवळच्या इक्रिसॅट संस्थेत ठाकूर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकात यावर सविस्तर काम केले आहे. पाऊस कमी म्हणून आटपाडीत बाजरी पेरायची आणि एखाद्या वर्षी श्रावण-भाद्रपदात ढग हटेनात म्हणून ती बाजरी विषारी व्हायची, असा हा प्रकार आहे.

आज आटपाडीची ओळख डाळिंबाची आहे आणि बाजरी पूर्वीइतकी होत नाही. पण २०२३ हे भरडधान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष झाल्यापासून बाजरी पुन्हा प्रतिष्ठेने ताटात येते आहे, शहरांतही आणि शाळांच्या आहारातही. ते चांगलेच आहे. तिच्या लोहाबद्दल व तंतूंबद्दल भरपूर लिहिले जाते. अन्नसुरक्षेच्या नियमांत अरगटाची मर्यादा वजनाच्या ०.०५ टक्के आहे, म्हणजे दहा किलोत पाच ग्रॅम, हे मात्र त्या लेखांत सापडत नाही. भाजल्याने विष जाते या भरवशावरही राहू नये, कारण विषबाधा झालेल्यांनी बाजरी शिजवूनच खाल्ली होती.

वर्गात दाखवायचे तर पुढील प्रयोग स्वस्त आणि सोपा आहे. दहा लिटर पाण्यात दोन किलो मीठ विरघळवा (वर्गासाठी एक लिटर आणि दोनशे ग्रॅम पुरेत). त्यात बाजरी ओता आणि ढवळा. अरगटाच्या गाठी, पोचट दाणे आणि काडीकचरा वर तरंगतो, भरलेले दाणे तळाशी जातात. शेतकरी बियाण्यासाठी हेच करतात आणि तळाचे बी दोन-तीनदा स्वच्छ पाण्याने धुऊन सावलीत वाळवतात. तरंगलेले सगळेच अरगट नसते, म्हणून ते भिंगाखाली पाहावे. दाण्यापेक्षा लांबट, टोकदार, काळपट तपकिरी, वेडीवाकडी गाठ दिसली तर ती अरगटाची. ती मुलांनी तोंडात घालू नये, कोंबड्यांना टाकू नये, जाळून किंवा खोल पुरून टाकावी. आणि ती बाजरी कोणत्या गावची, कोणत्या हंगामातली, फुलोऱ्यात असताना पाऊस होता का, हे मुलांकडून वहीत लिहून घ्यावे.