चंद्रवनातली पणजी

काही माणसं कॅमेऱ्यासमोर काहीच करत नाहीत, तरी नजर त्यांच्यावरून हलत नाही. काइसा गौरिलॉफ त्यांतली. कात्या गौरिलॉफ यांच्या २०१६ च्या फिनिश माहितीपटात ती जुन्या फितींमधून दिसते आणि शेवटपर्यंत मनात ठाण मांडून बसते. चित्रपटाच्या फिनिश नावाचा अर्थ 'चंद्रवनातली काइसा'. कात्या ही तिचीच पणती.

काइसा उत्तर युरोपातल्या स्कोल्ट सामी या आदिवासी समाजातली. गोष्टी सांगणं ही तिची कला. रोबेर क्रोते हा स्विस लेखक १९३८ मध्ये सुओनिक्युला या त्यांच्या वस्तीत पोचला, तिच्यापाशी बसून गोष्टी ऐकू लागला आणि पुढं त्या त्यानं पुस्तकांत उतरवल्या. मग युद्ध आलं. १९४४ मध्ये ही वस्ती असलेला फिनलंडचा पेत्सामो प्रदेश सोव्हिएत संघाकडे गेला, सुओनिक्युला सुटलं ते कायमचं. १९४९ मध्ये ही माणसं सेवेत्तियार्वीच्या परिसरात नव्यानं वसली.

मला सगळ्यात भावलं ते गोष्टीचं दृश्यरूप. काइसाची उत्तरेच्या प्रकाशाची कथा सुरू होते आणि फितींची जागा ॲनिमेशन घेतं. फितींत काइसा दिसते, तिच्या डोळ्यांपुढचं जग मात्र कुठल्याच कॅमेऱ्याला टिपता आलेलं नव्हतं. ते जग चित्रकार वेरोनिका बेसेदिना रेखाटते. पुन्हा फिती सुरू होतात, तेव्हा समोरची म्हातारी आपल्याला वेगळीच वाटते. आता तिच्या डोक्यात काय चाललंय याचा थोडा अंदाज आपल्याला आलेला असतो. माहिती आणि कल्पित यांची अशी वीण फार थोड्या माहितीपटांना जमते.

बाहेरच्या माणसानं पाहिलेली काइसा म्हणजे अभ्यासाचा नमुना, अशी भीती मला सुरुवातीला होती. ती फोल ठरली. क्रोतेचं तिच्यावरचं प्रेम खरं होतं. युद्धानंतर या विस्थापितांसाठी त्यानं इंग्लंडमध्ये मदत गोळा केली. आणि त्याची नजर जिथं थांबते, तिथून पणती पुढं होते. परक्यानं जपलेलं तिनं घरी आणलं.

स्कोल्ट सामी बोलणारे आज जेमतेम तीनशे उरलेत. २०२३ मध्ये कात्यानं 'येव्हिदा' केला. या भाषेतला तो पहिला कथापट.