पुलाखालचा रस्ता

'द रेव्होल्यूशन विल नॉट बी टेलिव्हाइज्ड' ही डॉक्युमेंटरी मी दोनदा पाहिली. पहिल्यांदा एका दमात, दुसऱ्यांदा संशयाने.

किम बार्टली आणि डोनाखा ओ ब्रीन हे आयरिश दिग्दर्शक ह्यूगो चावेझवर फिल्म करायला व्हेनेझुएलात गेले होते. ११ एप्रिल २००२ला लष्करी अधिकाऱ्यांनी बंड केलं, तेव्हा ते कॅमेऱ्यासकट राष्ट्राध्यक्षांच्या मिराफ्लोरेस राजवाड्यातच होते. असं घबाड कुणाला मिळतं? दुसऱ्या दिवशी उद्योगपती पेद्रो कार्मोना सत्तेवर बसतो. हुकूम वाचला जातो: संसद बरखास्त, सर्वोच्च न्यायालय बरखास्त. सुटाबुटातली माणसं टाळ्या पिटतात. १३ तारखेला चावेझचे समर्थक राजवाड्याला वेढा घालतात, तिथलेच पहारेकरी उलटतात आणि कार्मोनाचा खेळ आटोपतो. तेव्हा खाजगी वाहिन्या कार्टून दाखवत होत्या!

पण फिल्मचा जीव आहे यागुनो पुलाच्या प्रसंगात. ११ तारखेला खाजगी वाहिन्यांनी एक क्लिप पुन्हा पुन्हा फिरवली: चावेझचे समर्थक पुलावरून गोळ्या झाडतायत. झाडतायत कुणावर? निःशस्त्र मोर्चावर, असं वाहिन्या सांगत होत्या. डॉक्युमेंटरी दुसऱ्या कोनातून खालचा रस्ता दाखवते. रिकामा. मी फोनसमोर अक्षरशः उठून बसलो. लगेच लिंक ग्रुपवर टाकली, वर 'मीडियाचा खरा चेहरा' असंही लिहिलं.

२००४मध्ये विरोधकांनी 'एका असत्याचा एक्स-रे' नावाची फिल्म काढली. तीही एकतर्फीच आहे. पण तिचा एक आक्षेप मला झटकता येत नाही: तो रिकामा रस्ता गोळीबाराच्या वेळचा नाही, त्याच दिवशीच्या आधीच्या वेळेचा आहे. इतर ठिकाणीही प्रसंगांचा क्रम बदलल्याची टीका झाली. दिग्दर्शकांनी आपली बाजू मांडली. ती वाचूनही माझं समाधान झालं नाही.

म्हणून बंड खोटं ठरत नाही. कार्मोनाचा हुकूम, बंद पाडलेली सरकारी वाहिनी, सगळं घडलंच. इतका भक्कम पुरावा हातात असताना ती एक जोडणी कशाला करावी? राग मला त्याचाच येतो. क्लिपवर विश्वास ठेवू नका, असं तुम्हीच मला शिकवलंत. मग तुमच्या क्लिपचं काय?

ग्रुपवर मी नंतर दुरुस्ती टाकली. पहिल्या लिंकला चौदा अंगठे आले होते. दुरुस्तीला एक, तोही मावसभावाचा.