बोहाडा : मुखवटे व वेशभूषा

जव्हार–मोखाडा (जि. पालघर) व नासिक जिल्ह्याचा पश्चिम भाग यांतील आदिवासींचा उन्हाळ्यातील मुखवटानृत्योत्सव. कोकणा, वारली, महादेव कोळी इ. जमातींत तो प्रचलित असून त्यास ‘भोवाडा’ असेही म्हणतात. मुखवटा घालून नाचणे म्हणजे ‘सोंग’ घेणे. प्रथम गणपतीचे सोंग येते. अखेरीस देवी व महिषासुर यांचे युद्ध होते. स्त्रीसोंगेही पुरुषच घेतात.

मुखवटे पूर्वी लाकडाचे असत. पुढे कागदाच्या लगद्याचेही होऊ लागले. रावणाचा अनेकशिरी मुखवटा इतका अवजड असतो, की नर्तकास मान सहज वळविता येत नाही. त्यामुळे नृत्याचा सारा भार संबळाच्या ठेक्यावरील पदन्यासावर व धडाच्या फिरकीवर पडतो. वेशभूषा साधी, पुष्कळदा घरातल्या लुगड्यांची. तिला ओबडधोबड ठरविणे हे दिवसाच्या उजेडात केलेले परीक्षण होय. टेंभ्याच्या हलत्या प्रकाशात ठळक डोळे व भडक रंग यांमुळे स्थिर चेहराही भाव पालटल्यासारखा भासतो.

थायलंडमधील ‘खोन’ या रामकथेवरील नृत्यनाट्यात (यूनेस्कोच्या यादीत समावेश २०१८) राक्षस व वानर मुखवटे घालतात, संवाद निवेदक म्हणतात आणि जरतारी पोशाख नटाच्या अंगावरच शिवतात. त्यामागे राजाश्रय होता. बोहाड्याचा आश्रयदाता गावच. मात्र शोभेची वस्तू म्हणून भिंतीवर टांगलेल्या मुखवट्यावरून या कलेची पारख करणे व्यर्थ आहे. तो पाहण्यासाठी नव्हे, नाचण्यासाठी घडविलेला असतो.