बादलीतले हात आणि कपाळावरचं नाक

मंडळी, भांडगावात आज आपण ज्या विनोदाकडे बघतोय तो आहे जेमतेम दोन मिनिटांचा. 1900 साली अ‍ॅलिस गी या फ्रेंच दिग्दर्शिकेनं गोमाँ कंपनीसाठी 'शतकाअखेरची शस्त्रक्रिया' अशा अर्थाच्या नावाचा एक मूकपट केला. भिंतीवर पाटी: कृपया ओरडू नये. डॉक्टर भली मोठी करवत घेऊन रोग्याचे हातपाय कापतात, बादलीतून दुसरे काढतात आणि खळीनं चिकटवतात! कॅमेरा मध्येच थांबवायचा, जिवंत नट बाजूला घ्यायचा आणि बाहुला ठेवायचा, एवढीच ती करामत.

मेलिएसनंही 1909 मध्ये असाच खेळ केला. लठ्ठ माणूस बारीक व्हायला डॉक्टरकडे जातो, यंत्रात त्याचा स्फोट होतो, मग तुकडे गोळा करून माणूस पुन्हा जोडतात. पण तिथं यंत्रच भाव खाऊन जातं, माणूस उरतच नाही. आम्हांला गीबाई उजव्या वाटतात, त्या पाटीमुळे.

त्याच 1900 साली बर्गसाँचं हास्यावरचं पुस्तक आलं. जिवंत माणूस यंत्रासारखा वागला की हसू येतं, आणि हसताना काळजाला घटकाभर भूल द्यावी लागते, असं त्यांचं म्हणणं. बाहुल्याला ते चपखल बसतं, पाटीला नाही. 'ओरडू नये' हे लिहावं लागतं कुठं? जिथं माणूस ओरडतो तिथंच. म्हणजे भूल पुरती चढलेली नाही, आणि आपण हसतो ते डॉक्टरांना.

आता आपल्याकडचं बघू. कावसजी नावाचा इंग्रज फौजेतला बैल हाकणारा टिपूच्या कैदेत सापडला, त्याचं नाक आणि एक हात कापला गेला. पुढं पुण्याजवळ विटा पाडणाऱ्या जातीच्या एका माणसानं त्याला नाक बसवलं. 1794 साली लंडनच्या 'जेंटलमन्स मॅगझिन'नं ती हकीकत चित्रासकट छापली. आधी मेणाचा साचा, मग तो कपाळावर पसरून आखणी. कातडी सोडवायची, पण दोन डोळ्यांमध्ये एक पट्टी जोडलेली ठेवायची, रक्त वाहतं राहावं म्हणून. टाके नाहीत. वर काथ लावलेल्या कापडाच्या पट्ट्या. काथ, बरं का, आपण पानाला लावतो तोच!

तिथं खळ, इथं काथ. वरवर सारखंच. पण कावसजीचं नाक आलं त्याच्याच कपाळातून, आणि तो व्रण त्यानं जन्मभर मिरवला असणार. गीबाईंच्या बादलीतले हातपाय कुणाचे? चित्रपट विचारत नाही, आणि त्याशिवाय विनोद चाललाही नसता. आपल्याकडे 1994 साली कायद्यानं अवयवांच्या विक्रीला बंदी घातली. त्यानंतर हा मूकपट बघताना करवतीपर्यंत आपण मोकळे हसतो आणि बादलीपाशी येऊन अडखळतो.